शरीराचा डोळा आणि मंडळीची नजर

शास्त्रवाचन : योहान ९, १ करिंथ १२:१२-२७, मत्तय ६:१९-२४, याकोब ५:१३-१६

उपासनेच्या वेळी व्यासपीठावर उभे राहणाऱ्यास मंडळीचे डोळे प्रथम दिसतात. कोण लक्ष देऊन ऐकतो, कोण पेंगतो, कोणाची नजर खिडकीबाहेर गेली आहे, हे सारे तेथून स्पष्ट दिसते आणि न बोलता आपण त्याची मनात नोंद करून ठेवतो. रविवारच्या शाळेतील शिक्षकांचेही तसेच आहे. मूल डोळा मिचकावते, मान वाकडी करून वाचते, ओळ सोडून भलतीच ओळ वाचते, म्हणजे ते खोडकर किंवा आळशी असा निकाल आपण लवकर देतो. ह्या महिन्याच्या अभ्यासासाठी आम्ही एक असा विषय घेतला आहे की ज्यात हा निकाल पुष्कळदा चुकतो, आणि चुकला म्हणजे माणसाचे नावच नव्हे तर जीवही धोक्यात येतो. शरीराची संरक्षणशक्ती फितूर होऊन आपल्याच मज्जासंस्थेवर उठते, असे काही रोग आहेत. त्यांत डोळ्यांच्या हालचाली बिघडतात. पापणी खाली येते, एका वस्तूच्या दोन दिसतात, बुबुळे थरथरतात. हे रोग फार सर्रास आढळणारे नव्हेत. तरीपण ते ओळखू न आल्यामुळे जे भोगावे लागते ते मोठे आहे.

सीमाभागातील एका मंडळीत एक शाळामास्तर होते. मंडळीने त्यांस वडील म्हणून निवडले होते. बुधवारच्या सायंप्रार्थनेत त्यांची एक पापणी निम्म्यावर येऊ लागली, वाचताना ते अडखळू लागले, आणि बोलणे थोडे नाकातून व जड येऊ लागले. रविवारी सकाळी मात्र ते अगदी ठणठणीत असत. सकाळी शुद्धीत आणि संध्याकाळी असे, ह्याचा अर्थ लोकांनी काय लावला असेल हे सांगण्याची गरज नाही. पंच कमिटीपुढे विषय आला. वडीलकीचा राजीनामा मागावा असे ठरत आले होते. मंडळीत एक सिस्टर होत्या, दवाखान्यात तीस वर्षे काम केलेल्या. त्यांनी उपासनेनंतर विचारले, "मास्तर, सकाळी उठता तेव्हा डोळा कसा असतो?" मास्तर म्हणाले, "सकाळी उत्तम असतो, सिस्टर. दिवस मावळला की खाली येतो. फळ्यावर लिहिलेले दोन दोन दिसते." सिस्टरांनी लगेच मोठ्या दवाखान्याची वाट दाखवली. जो पुरावा मंडळी त्यांच्याविरुद्ध धरीत होती, म्हणजे सकाळी बरे व संध्याकाळी वाईट, तीच ह्या रोगाची खूण होती.

त्या रोगास मायस्थेनिया ग्रेव्हिस असे नाव आहे. तो समजण्यासाठी डोळ्याची रचना थोडी पाहू. प्रत्येक डोळ्यास हलवणारे सहा लहान स्नायू आहेत, म्हणजे दोहोंचे मिळून बारा. पापणी उचलणारा स्नायू निराळा. मेंदूतून निघणाऱ्या मज्जातंतूंच्या जोड्यांपैकी तिसरी, चौथी व सहावी ह्या तीन जोड्या ह्या स्नायूंस हुकूम पोचवतात. दोन्ही डोळे अगदी एका वेळी व एकाच मापाने वळले तरच जगाचे एक चित्र दिसते. हात थोडा अशक्त झाला तर चार दिवस कोणाच्या ध्यानातही येत नाही. पण डोळ्याचा एक स्नायू केसभर कमी पडला की लगेच एका माणसाची दोन माणसे दिसतात. ह्या रोगाच्या अर्ध्याहून अधिक रुग्णांत पहिली खूण डोळ्यांत किंवा पापणीत दिसते त्याचे हे एक कारण आहे. दुसरे असे की हे स्नायू दिवसभर विसावा म्हणून घेत नाहीत.

मज्जातंतूचे टोक स्नायूला चिकटलेले नसते. मध्ये अत्यंत बारीक फट असते. टोकातून ॲसिटिलकोलीन नावाचे द्रव्य सुटते, ते फट ओलांडते आणि स्नायूवरील ग्राहकांवर, कुलपात किल्ली बसावी तसे, बसते. मग स्नायू आकुंचन पावतो. मायस्थेनियात शरीर ह्या कुलपांविरुद्धच प्रतिद्रव्ये तयार करते. काही कुलपे झाकली जातात, काही नष्ट होतात. सकाळी विश्रांतीनंतर उरलेल्या कुलपांवर काम भागते. वापर वाढत गेला की भागत नाही. म्हणून थकल्यावर पापणी पडते आणि निजून उठल्यावर वर येते.

कोकणातील व सीमाभागातील वाचकांस पापणी पडण्याची एक खूण निराळ्या प्रसंगाने ठाऊक असेल. नाग चावलेल्या माणसाचे डोळे झाकू लागतात. नागाच्या विषातील एक द्रव्य ह्याच कुलपांवर जाऊन बसते. रोग जे महिनोन्महिने करतो ते विष तासा-दोन तासांत करते. (येथे विषयाबाहेर एक सूचना. पावसाळ्यात जमिनीवर निजलेल्या मुलाच्या पापण्या पहाटे उघडेनात, पोट दुखते म्हणून ते रडत असेल आणि अंगावर काही जखम दिसत नसेल, तरी मण्यार चावली असण्याचा संभव धरून त्यास तत्काळ दवाखान्यात न्यावे. प्रार्थना गाडीत करावी.)

ह्या रोगाच्या औषधाची कथा आमच्या मते रविवारच्या शाळेत सांगण्याजोगी आहे. पश्चिम आफ्रिकेत, आताच्या नायजेरियात, कॅलाबार हा प्रदेश आहे. स्कॉटलंडच्या प्रेस्बिटेरियन मंडळीने तेथे १८४६ साली मिशन सुरू केले. मेरी स्लेसर ह्या सेविकेने १८७६ पासून पुढे तेथेच आयुष्य वेचले. त्या प्रदेशात एक विषारी बी होती. कोणावर चेटूक केल्याचा आरोप आला की त्यास ती कुटून पाजीत. ओकून पडली तर निर्दोष. मेला तर दोषी. माणसाचा न्याय करण्याची ही रीत! तेथील मिशनऱ्यांच्या हातून त्या बिया एडिंबरोस पोचल्या. तेथील प्राध्यापक रॉबर्ट क्रिस्टिसन ह्यांनी १८५५ साली त्यातला तुकडा स्वतः खाऊन पाहिला, आणि हातपाय गळू लागताच दाढीचे साबणपाणी पिऊन ओकारी काढली म्हणून वाचले. पुढे ह्या बीतून फायसोस्टिग्मिन नावाचे द्रव्य वेगळे काढण्यात आले.

१९३४ साल उजाडले. लंडनजवळ ग्रीनिच येथे सेंट अल्फेज नावाचे गोरगरिबांचे इस्पितळ होते. तेथे मेरी वॉकर ह्या स्कॉटिश डॉक्टरीणबाई काम करीत होत्या. मायस्थेनियाच्या रुग्णाची स्थिती कुरारी नावाच्या विषाची बाधा झालेल्या माणसासारखी दिसते, हे त्यांच्या ध्यानात आले. त्या विषावर फायसोस्टिग्मिन हा उतारा आहे. तर मग ह्या रोगावर का नसावा? त्यांनी एका स्त्रीरुग्णास ते टोचले आणि थोड्या वेळात पडलेली पापणी वर गेली. काही तासांनी परिणाम ओसरला, पण जे दिसायचे ते दिसले होते. पुढल्या वर्षी त्यांनी त्याच जातीचे प्रॉस्टिग्मिन वापरले. लोक ह्यास सेंट अल्फेजचा चमत्कार म्हणू लागले. आज ह्या रुग्णांस पायरिडोस्टिग्मिनच्या ज्या गोळ्या देतात त्या त्याच कुळातल्या. ज्या बीने निरपराध्यांस दोषी ठरवून मारले, तिच्याच वंशातली गोळी घेऊन आज कोणी मास्तर संध्याकाळी डोळे उघडे ठेवून शास्त्र वाचतो.

गोळीने लक्षण आवरते, मूळ भांडण मिटत नाही. ते भांडण शरीराचे शरीराशी आहे, हे समजायला आणखी काळ लागला. ग्लासगोचे डॉ. जॉन सिम्पसन ह्यांनी १९६० साली तसा तर्क मांडला. १९७३ साली कॅलिफोर्नियातील साल्क इन्स्टिट्यूटमध्ये पॅट्रिक व लिंडस्ट्रॉम ह्या दोघा संशोधकांनी विजेचा धक्का देणाऱ्या ईल माशातून वर सांगितलेली कुलपे शुद्ध करून काढली आणि प्रतिद्रव्ये मिळवावीत म्हणून ती सशांना टोचली. प्रतिद्रव्ये मिळाली, पण ससे लुळे पडू लागले. मायस्थेनियाचे औषध देताच ते सावरले. माशाच्या कुलपाविरुद्ध उभे राहिलेले सैन्य सशाच्या स्वतःच्या कुलपांवर तुटून पडले होते. त्यानंतर शंकेला फारशी जागा राहिली नाही. म्हणून आता ह्या सैन्यास आवरणारी औषधे, म्हणजे प्रेडनिसोलोन, ॲझाथायोप्रिन इत्यादी, देतात. छातीच्या हाडामागील थायमस ग्रंथीत ह्या फितुरीचे मूळ पुष्कळदा असते. शंभरांपैकी दहा ते पंधरा रुग्णांत तेथे गाठही सापडते, म्हणून छातीचा सीटी स्कॅन करतात. रोग अंगभर पसरलेल्या योग्य रुग्णांत ती ग्रंथी काढल्याने लाभ होतो, हे १२६ रुग्णांच्या पाहणीतून २०१६ साली दिसून आले.

आता १ करिंथ १२ उघडावा. प्रेषित पौल तेथे शरीराचा दृष्टांत देतो आणि डोळ्याने हाताला नको म्हणणे कसे अशक्य आहे ते दाखवतो. त्यास ह्या रोगांची माहिती नव्हती. नाहीतर शरीरच डोळ्यास परका ठरवते, हे ऐकून तो काय म्हणाला असता कोण जाणे! २२ व्या व पुढील वचनांवर वर्गात थोडे थांबावे. जे अवयव अशक्त दिसतात त्यांविषयी तो बोलतो, आणि एकाच्या दुःखात सगळ्यांचे दुःख आहे असे सांगतो. मात्र येथे शिक्षकांनी एक सावधगिरी बाळगावी. शरीराची फितुरी हा दृष्टांत म्हणून आकर्षक आहे. तो रुग्णावर लावू नये. त्याच्या शरीराने त्याचाच अवयव परका मानला, ह्यात त्याचे पाप काही नाही.

मत्तय ६:२२-२३ चेही असेच. शरीराचा दिवा डोळा, ही वचने आम्ही आजाऱ्याच्या बिछान्यापाशी वापरलेली ऐकली आहेत. ती तेथे वापरण्याची नव्हेत. आपल्या शास्त्रात जेथे निर्दोष असा शब्द आहे तेथे मूळ ग्रीक शब्द हाप्लूस आहे. त्याचा अर्थ एकेरी, सरळ, घडी नसलेला असा होतो. एकाची दोन दिसणाऱ्या रुग्णास हा शब्द फार लागतो, हे खरे. पण संदर्भ पाहा. मागची वचने द्रव्यसंचयाविषयी आहेत आणि पुढचे वचन धनाच्या चाकरीविषयी. यहूदी बोलण्यात चांगला डोळा म्हणजे उदार माणूस, वाईट डोळा म्हणजे कंजूष व हेवा करणारा. नीतिसूत्रे २२:९ व २३:६ आणि मत्तय २०:१५ मूळ भाषेत ताडून पाहिल्यास हे दिसते. प्रभू येथे थैलीविषयी बोलत आहे, पापणीविषयी नव्हे.

डोळ्यांची चाल बिघडवणारे ह्या जातीचे इतर रोगही आहेत. त्यांचा थोडक्यात उल्लेख करतो. मल्टिपल स्क्लेरोसिस ह्या रोगात मेंदू व मज्जारज्जूतील तंतूंवरचे आवरण शरीराचे सैन्य खरवडून काढते. दोन्ही डोळ्यांनी मिळून एका बाजूस वळावे म्हणून मेंदूच्या खालच्या भागात एक बारीक जुडगा आहे. त्यावरचे आवरण गेले की, बैलजोडीतला एक बैल वळावा आणि दुसऱ्यास कासऱ्याचा इशाराच पोचू नये, तसे होते. बाहेरच्या बाजूचा डोळा वळतो व थरथरतो, नाकाकडे यायचा तो मागेच राहतो. पॅरिसचे डॉ. शार्को ह्यांनी १८६८ साली ह्या रोगाची जी लक्षणे नोंदली त्यांत बुबुळांचे थरथरणे होते. हा रोग बहुधा तरुण वयात, आणि पुरुषांपेक्षा स्त्रियांत अधिक दिसतो. उन्हाने किंवा तापाने ह्या रुग्णांची लक्षणे तात्पुरती वाढतात. मे महिन्यातल्या दुपारच्या सभेस एखादी तरुण बहीण येत नसेल तर तिची कुचराई म्हणण्यापूर्वी विचारावे.

दुसरा रोग बोस्टनचे डॉ. मिलर फिशर ह्यांनी १९५६ साली तीन रुग्णांवरून वर्णिला. सर्दी-खोकला किंवा जुलाब होऊन गेल्यावर आठ-पंधरा दिवसांनी डोळे हलेनासे होतात, चाल झोकांड्या खाणारी होते. येथेही दारूचाच आळ येतो. बहुतेक रुग्ण काही आठवड्यांत वा महिन्यांत सुधारतात, तरी आरंभी श्वासावर लक्ष ठेवण्यासाठी दवाखान्यात राहणे जरूर असते.

तिसरा अगदी लहान मुलांचा. दीड-दोन वर्षांच्या चालत्या मुलाचे डोळे एकाएकी सर्व दिशांनी भराभर नाचू लागतात, अंगाला झटके बसतात, ते पडू लागते व चिडचिडे होते. लंडनचे डॉ. किन्सबोर्न ह्यांनी १९६२ साली ह्याचे वर्णन केले. अशा मुलांपैकी सुमारे निम्म्यांच्या पोटात किंवा छातीत लहानशी गाठ लपलेली असते. शरीर त्या गाठीशी लढता लढता मेंदूलाही मारते. आमच्याकडे ह्यास नजर लागली म्हणतात, आणि दृष्ट काढण्यात दिवस जातात. ख्रिस्ती घरांतही काढतात. पाळकसाहेब घरी आले की मिरच्या लपवतात इतकेच.

योहान ९ वर येऊ. शिष्यांनी आंधळ्यास पाहताच पाप कोणाचे, ह्याचे की आईबापांचे, असे विचारले. प्रभूने दोन्ही नाकारले. हे आपण सर्वांनी ऐकले आहे. पण ह्या अध्यायाची बांधणी पाहण्यासारखी आहे. त्यात ४१ वचने आहेत, आणि दृष्टी येण्याची गोष्ट पहिल्या ७ वचनांत संपते. उरलेला सारा अध्याय म्हणजे लोकांनी केलेली चौकशी. शेजारी ओळखत नाहीत, परूशी उलटतपासणी करतात, आईबाप सभास्थानातून काढतील ह्या भीतीने हात झटकतात, आणि शेवटी त्यास जन्मापासूनचा पापी ठरवून बाहेर घालवतात. बरे झाल्यावरसुद्धा त्याच्यावरचा आळ गेला नाही! बाहेर घालवल्यावर प्रभूने त्यास शोधून काढले, हे ३५ व्या वचनात आहे. वर्गात नाट्यरूपाने पाठ घेणाऱ्या शिक्षकांनी चिखल व शिलोह ह्यांवर सर्व वेळ न घालवता ही चौकशी मुलांकडून करवून घ्यावी.

आता जी गोष्ट लिहिण्यासाठी मुख्यतः लेखणी उचलली ती. दुसऱ्या एका गावी मायस्थेनिया असलेल्या एक बाई औषधांवर चांगल्या होत्या, घर व नोकरी सांभाळीत होत्या. एका आरोग्यसभेत त्यांच्यासाठी प्रार्थना झाली, पापणी वर आली, साक्ष झाली. गोळ्या घेणे म्हणजे अविश्वास, असे त्यांस सांगण्यात आले आणि त्यांनी सर्व औषधे एका दिवसात बंद केली. दोन आठवड्यांच्या आत त्यांस पाणी गिळवेना, मग श्वास घेववेना. त्या वाचल्या, पण कृत्रिम श्वासाच्या यंत्रावर कित्येक दिवस काढून. हा रोग स्वभावतःच कमीजास्त होणारा आहे. विश्रांतीने, थंडाव्याने पापणी वर येते. मिटल्या पापणीवर दोन मिनिटे बर्फ धरून डॉक्टर तीच गोष्ट परीक्षा म्हणून करतात. म्हणून एका संध्याकाळी डोळा उघडला एवढ्यावरून रोग गेला असे ठरवता येत नाही. शिवाय प्रेडनिसोलोन बरेच दिवस घेतलेल्याने ते एकदम सोडणे स्वतंत्रपणे धोक्याचे आहे.

आम्ही प्रार्थनेच्या बाजूचे आहोत. याकोब ५ प्रमाणे मंडळीच्या वडिलांनी आजाऱ्याकडे जावे, तेल लावावे, प्रार्थना करावी, असेच आमचे मत आहे. पण त्याच शास्त्रात यशयाने हिज्कीयाच्या गळवावर अंजिरांचा लेप बांधावयास सांगितले (यशया ३८:२१). पौलाने तीमथ्यास पोटासाठी उपाय सुचवला (१ तीमथ्य ५:२३), त्रफिमाला मिलेतात आजारी ठेवून तो पुढे गेला (२ तीमथ्य ४:२०), आणि लूक वैद्यास प्रिय म्हटले (कलस्सै ४:१४). ह्यांपैकी कोणालाही अविश्वासी म्हणण्याचे धाडस आरोग्यसभा भरवणाऱ्यांस आहे काय? आपल्या भागात मिशनने दवाखाने कशासाठी उभारले? डॉ. वॉनलेस ह्यांनी १८९४ साली मिरजेस इस्पितळ उघडले. भारतातील मेंदूच्या शस्त्रक्रियेचा पहिला विभाग डॉ. जेकब चांडी ह्यांनी १९४९ साली वेल्लोरच्या ख्रिस्ती इस्पितळात सुरू केला. गोळी बंद करणे किंवा कमी करणे हे ज्याने ती दिली त्या डॉक्टरचे काम आहे. उपदेशकाचे नव्हे, आणि साक्ष देणाऱ्याचेही नव्हे.

काही व्यवहाराच्या गोष्टी. एकाची दोन दिसत असतील तर एक डोळा झाकून पाहावे. झाकल्यावर एकच दिसले तर दोष दोन डोळ्यांच्या जुळणीत आहे; तरीही दोन दिसली तर बहुधा चष्म्याचे किंवा मोतीबिंदूचे काम असते. प्रत्येक पडलेली पापणी मायस्थेनियाची नव्हे. म्हातारपणाने ती सैल होते, आणि मधुमेहानेही डोळ्याची एखादी नस लुळी पडते. परंतु एकाएकी पापणी पडली, सोबत जबर डोके दुखले, किंवा एका डोळ्याची बाहुली मोठी दिसली तर त्याच दिवशी मोठा दवाखाना गाठावा. गिळता न येणे, बोलणे नाकातून येणे, श्वास अपुरा पडणे, ह्यांसाठी सकाळची वाट पाहू नये.

शिक्षकांनी मान वाकडी करून किंवा एक डोळा मिटून वाचणाऱ्या मुलास रागावू नये. दोनांतले एक चित्र घालवण्याचा तो त्याचा उपाय असतो. वचने पाठ म्हणण्याची पाळी त्यास वर्गाच्या आरंभी द्यावी, शेवटी नको. मोठ्यांच्या बाबतीत, ज्यास संध्याकाळी त्रास होतो त्याच्याकडे सकाळच्या उपासनेचे वाचन सोपवावे. सर्व मंडळी उभी असताना त्यास बसून गाऊ द्यावे, आणि का बसला हे कोणी विचारू नये. शाळामास्तरांच्या मंडळीत आता असेच करतात. त्यांची वडीलकी राहिली. बुधवारची सभा सातऐवजी साडेपाचला भरते.

आणखी एक. मायस्थेनियाच्या रुग्णास काही नेहमीची औषधेही बाधतात : जेंटामायसिनसारखी इंजेक्शने, सिप्रोफ्लॉक्सासिनच्या जातीच्या गोळ्या, हिवतापावरील क्विनीन, मॅग्नेशियमचे इंजेक्शन, रक्तदाबाच्या काही गोळ्या, इतकेच काय, काचबिंदूसाठी डोळ्यात घालायचे टिमोलॉलचे थेंबसुद्धा. परगावी जत्रेस, अधिवेशनास किंवा लग्नास गेलेला माणूस तापाने पडला तर तेथील डॉक्टरास हे ठाऊक असणार नाही. म्हणून रोगाचे नाव, चालू गोळ्या, टाळावयाची औषधे आणि आपल्या डॉक्टरचा पत्ता मोठ्या अक्षरांत एका कागदावर लिहून तो पवित्र शास्त्राच्या पहिल्या पानास चिकटवून ठेवावा, आणि त्याची एक प्रत पाळकसाहेबांकडे द्यावी.